कूलरच्या आवाजात आठ गाणी

माझ्या पहिल्या अल्बमबद्दल आमच्या मराठी मंडळातल्या एका गृहस्थांनी मत दिलं, की गायक जरा विक्षिप्त वाटतो. माझ्यासमोर दिलं. विक्षिप्त कशावरून, तर हा माणूस गाण्याची कडवी म्हणतो ती म्हणतोच, पण दोन कडव्यांच्या मधली वाद्यंसुद्धा तोंडानेच वाजवतो. सतार असली तर सतार, व्हायोलिन असलं तर व्हायोलिन. आणि आवाज असा लावतो की नदीपलीकडच्या माणसाला हाक मारतोय. दोन्ही आरोप खरे आहेत. मी त्यांना म्हणालो, "पुन्हा गायलो तरी असाच गाणार." गृहस्थ चहा प्यायला निघून गेले.

असा का गातो ते सांगतो. रायपूरजवळ सिलतऱ्याला स्पंज आयर्नच्या एका कारखान्यात मी सगळी नोकरी काढली. लांबलचक आडवी भट्टी, सावकाश गोल फिरणारी. एका तोंडाने खनिज आणि कोळसा आत जातो, दुसऱ्या तोंडाने काळं लोखंड बाहेर पडतं. मी तिचा शिफ्ट इनचार्ज. भट्टीच्या मागे धूर ओढणारा एक राक्षसी पंखा होता. तो चालू असला की शेजारच्या माणसाशी बोलायचं तरी कानाला तोंड लावून ओरडावं लागे, म्हणून निम्मी कामं हातवाऱ्यांवरच चालत. नव्या माणसाचं डोकं पहिल्या आठवड्यात उठायचंच. माझंही उठलं होतं. मग एक दिवस ध्यानात आलं, हा नुसता गोंगाट नाही, याला सूर आहे. जाडजूड, न हलणारा, शिफ्ट संपेपर्यंत तोच. तो सूर धरून मी लहानपणी रेडिओवर ऐकलेलं एक भावगीत म्हणून पाहिलं. आजूबाजूला आठ-दहा माणसं काम करत होती. एकाचीही मान वळली नाही.

त्या दिवशी मी गायक झालो. ऐकणारा कोणी नाही, म्हणून हसणारा कोणी नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. जुनी मराठी गाणी, जुनी हिंदी सिनेमातली गाणी, जी कोणालाही येतात आणि कोणीही न्हाणीघरात म्हणतो, तीच मी भट्टीच्या कडेने फेऱ्या मारताना म्हणायचो. साथीला वाद्यं नव्हती, तेव्हा मधलं संगीतही मीच म्हणायचो. ते सोडून एकदम दुसऱ्या कडव्यावर उडी मारणं मला चोरी केल्यासारखं वाटायचं. लोकांना माझं नुसतं तोंड हलताना दिसे. एका फिटरने एकदा कानाशी येऊन विचारलं, "साहब, जाप करते हो क्या?" मी मान डोलावली. त्यानंतर कारखान्यात माझी भाविक म्हणून कीर्ती झाली आणि दर नवरात्रात वर्गणीसाठी पहिला नंबर माझा लागू लागला.

कानात घालायला बोंडं मिळायची. मी ती खिशात ठेवायचो. ती घातली की पंख्याचा सूर नाहीसा होई आणि सूर गेला की गाणं गेलं. वरचे साहेब रागावले की घालायचो, ते वळले की काढायचो. यात कोणाला दोष द्यायचा नाही. मला गायचं होतं.

घरी मात्र मी कधी गायलो नाही. आमच्या घरात सगळ्यांना कान आहेत आणि तोंडंही आहेत. आमची घराणी इथे रायपुरात मराठ्यांच्या राज्याच्या काळापासूनची. एकेका घरात पेटी असायची, गणपतीत गाण्याच्या स्पर्धा व्हायच्या आणि कोण बेसूर झालं याची चर्चा दिवाळीपर्यंत पुरायची. तिथे कोण तोंड उघडणार? बायकोने संसारात माझं एकही गाणं ऐकलं नव्हतं. आरतीलासुद्धा मी टाळ्या वाजवणाऱ्यांत.

निवृत्त झालो आणि घरी बसलो. घर इतकं शांत असतं हे मला ठाऊक नव्हतं. सकाळी सहाची बस चुकल्यासारखा उठून बसायचो. गळ्याशी गाणं यायचं आणि तिथेच अडायचं, कारण त्याला टेकायला काही नव्हतं. दोन महिन्यांत मी इतका चिडका झालो की दूधवाल्याने बेल वाजवणं सोडलं, पिशवी फाटकाला अडकवून पळू लागला. मग उन्हाळा आला. रायपूरच्या उन्हाळ्यात घराघरात कूलर लागतात, तसा आमच्या मागच्या खोलीतला मोठा लोखंडी कूलर मी काढला, वाळ्याचे पडदे बदलले, पाणी भरलं आणि बटण दाबलं. तो घरघरला. आणि त्याला सूर होता! माझ्या पंख्यापेक्षा थोडा वर, पण पक्का. मी दार लावून घेतलं आणि कूलरसमोर उभा राहून गायला लागलो.

कितीतरी दिवस हे चालू होतं. एक दिवस दार उघडं राहिलं. मी डोळे उघडले तर बायको उंबऱ्यात उभी. हातात लाटणं तसंच. मी गप्प झालो. ती काही तरी बोलली. मी कूलर बंद केला.

"कवापासून गाता तुम्ही?" तिने मोठ्याने विचारलं.

"नोकरीला लागलो तवापासून."

"अन् मले आज सांगून राहिले?" तिने लाटणं दुसऱ्या हातात घेतलं. मग म्हणाली, "बरं गाता. पण वरडून काहून राहिले?"

ती "बरं" म्हणाली त्याने माझं डोकं फिरलं. मला आजवर कोणी बरंही म्हटलं नव्हतं, वाईटही म्हटलं नव्हतं. आणि मला स्वतःलाही माहीत नव्हतं, मी कसा गातो ते. कारखान्यात गाणं फक्त माझ्या छातीत वाजायचं, बाहेर पडलं की पंखा गिळायचा. इतकी वर्षं जे केलं ते एकदा स्वच्छ ऐकायचं, असं मी त्या दिवशी ठरवलं. नुसतं मोबाईलवर नाही. रीतसर, साथीसकट, आठ गाणी. पुण्याला नोकरीला असलेल्या मुलाला फोन केला. मराठी त्याला सगळं समजतं, उत्तर मात्र हिंदीतच येतं. म्हणाला, "पापा, इस उमर में एल्बम? कौन सुनेगा?" मागून बायको ओरडली, "साठी बुद्धी नाठी झाली बाप्पा तुझ्या बापाची!" मी म्हटलं, "मी ऐकणार आहे. जुनी गाणी पुन्हा गायला परवानगीचे कागद काय लागतात ते शोध आणि सांग." मुलगा भला आहे. शोधून सांगितलं.

स्टुडिओ मिळाला गुढियारीत, रेल्वेच्या रुळाला लागून असलेल्या धान्याच्या एका गोदामावर. मालक चाळिशी उलटलेला, पूर्वी लग्नाच्या ऑर्केस्ट्रात की-बोर्ड वाजवायचा, आता देवीची जसगीतं, निवडणुकीची गाणी आणि रिक्षावरून फिरणाऱ्या जाहिराती रेकॉर्ड करून देतो. माणूस शांत. मला ते पहिल्या दिवशी फार आवडलं, नंतर त्याचाच राग येऊ लागला. त्याने मला गाद्या ठोकलेल्या एका खोलीत उभं केलं, दार बंद केलं आणि काचेतून हात हलवला, गा म्हणून.

मला गाता येईना. त्या खोलीसारखी शांतता मी जन्मात पाहिली नव्हती. तोंड उघडलं की आवाज नाकासमोर पडायचा. पहिला दिवस गेला, दुसरा गेला. तिसऱ्या दिवशी खाली रुळावरून मालगाडी निघाली, खोलीची फरशी थरथरली आणि मी गायला लागलो. मुखडा आणि एक अख्खं कडवं, मधल्या सतारीसकट. गाडी गेली, मी थांबलो. काचेपलीकडे मालक कपाळाला हात लावून बसला होता. मालगाडी येताना तो नेहमी काम थांबवायचा आणि मी नेमका तेव्हाच गात होतो.

"भैया," तो आत येऊन म्हणाला, "घर में कैसे गाते हो?"

"कूलरसमोर."

"कूलर के सामने?"

"हो."

तो हसला नाही. त्याने विचार केला आणि म्हणाला, "हव. कूलर की आवाज लेके आओ."

मी घरी जाऊन कूलरची घरघर मोबाईलमध्ये भरून आणली. त्याने ती कॉम्प्युटरवर घेतली, गाण्याच्या सुराशी जुळेल अशी थोडी खाली ओढली आणि माझ्या हेडफोनमध्ये सोडली. बाहेर शांतता, माझ्या कानात कूलर. माइकला फक्त मी. मी डोळे मिटले आणि भट्टीवर गेलो. ते पहिलं गाणं एका दमात झालं. मधली सतार तोंडाने म्हटली तेव्हा तो काचेतून हातवारे करू लागला, ते नका म्हणू, ते मी वाजवणार आहे. मी नाही थांबलो. थांबलो की पुढच्या कडव्याला कुठे शिरायचं ते मला कळतच नाही. शेवटी त्याने वाद्यं माझ्या गुणगुणण्याच्या मागे हळू ठेवली. म्हणाला, असं कोणी केलेलं नाही. मी म्हणालो, मग करू.

त्याने ते गाणं मला मोठ्या स्पीकरवर ऐकवलं. कूलरशिवाय.

मला वाटलं दुसऱ्या कोणाचं लावलं. माझ्या मनात ज्या मुरक्या होत्या, शब्दाच्या शेवटी घेतलेली जी हलकी वळणं होती, त्यातलं एकही तिथे नव्हतं. सरळसोट गाणं, सिलतऱ्याच्या रस्त्यासारखं. मूळ गायकाने जिथे कुजबुजल्यासारखं म्हटलं होतं तिथेही मी शिफ्ट बदलल्याची आरोळी दिल्यासारखा. गोंगाटात बारीक काही टिकत नाही. मी ते करत होतो असं मला वाटायचं, पण कधीतरी ते गळून गेलं होतं आणि कळायला मार्ग नव्हता. घरी आलो, जेवलो नाही. बायकोने ताट झाकून ठेवलं.

दुसऱ्या दिवसापासून कूलरसमोर उभा राहिलो आणि शिकायला लागलो. एक ओळ मूळ गायकाची ऐकायची, एक माझी. कूलरचा वेग एकने कमी करायचा आणि त्या कमी आवाजात गायचं. उन्हाळा संपला, पाऊस आला, कूलर बंद करायची वेळ आली तरी माझा चालूच. दमट हवेत कूलर म्हणजे शिक्षा. भिंतीला ओल आली, बायकोचे गुडघे धरले. मी पाणी न भरता नुसता पंखा चालवायला लागलो. शेजारी विचारत, तुमच्याकडे आषाढातही गरमी आहे का हो? सगळ्या मुरक्या परत आल्या नाहीत. काही आल्या. ज्या नाहीत त्या नाहीत. मला दुसऱ्यासारखं गायचंच नव्हतं, मला मी गातो तसंच पण नीट गायचं होतं. दिवाळीच्या आत सात गाणी झाली.

आठव्याला गाडी अडकली. ते एका वाट बघणाऱ्या बाईचं गाणं. त्याच्या मधल्या संगीतात एकटी बासरी आहे, अगदी वरच्या पट्टीतली, बारीक. एवढ्या वरची मला गुणगुणता येत नाही, म्हणून ठरलं की तिथे मी गप्प राहीन आणि मालक बासरी लावेल. त्याने खास बासरीवाला बोलावून ती वाजवून घेतली होती. मी मुखडा म्हटला आणि बासरीची वाट बघत उभा राहिलो. बासरी येईना. उभाच. मालकाने थांबवलं, पुन्हा लावलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा मी हेडफोन काढून फेकले.

"बासरी कुठे आहे?"

"बज रही है भैया."

"कुठे वाजतेय? इथे नुसता तबला आहे! विसरलास तर विसरलो म्हण ना!"

त्या दिवशी बायकोही बरोबर आली होती, बाजाराला जायचं होतं म्हणून. ती मालकाच्या शेजारी खुर्चीवर बसून होती. मालकाने तेच संगीत स्पीकरवर लावलं, आवाज वाढवला. मी ऐकलं. तबला, खाली गिटार. आणि काही नाही. मी तिच्याकडे विजयाने पाहिलं, बघ, आहे का?

ती माझ्याकडे बघत होती. जवळ येऊन माझ्या दंडाला धरून म्हणाली, "अहो, वाजून राहिली ना. केव्हाची वाजून राहिली."

समता कॉलनीत कानाचे एक डॉक्टर आहेत, दुसऱ्याच दिवशी ती मला तिथे घेऊन गेली. डॉक्टरांनी कानाला हेडफोन लावून एका आवाजबंद पेटीत बसवून तपासलं. आवाज ऐकू आला की बटण दाबायचं. खालचे सूर मी पटापट दाबले. नंतर बराच वेळ काहीच वाजलं नाही, म्हणून मी बसून राहिलो. बाहेर आल्यावर कळलं की वाजत होतं. डॉक्टर म्हणाले, जाड आवाज शाबूत आहेत, बारीक आणि उंच गेले. कारखान्याच्या माणसांत नेहमीच बघतो. शिट्टी, पाखरं, बायकांचे, पोरांचे आवाज, हे तुम्हाला फार वर्षांपासून कमी येत असणार. अजून कमी होईल. परत यायचे नाहीत.

बायको एकदम म्हणाली, "मी तं किती वर्षांपासून सांगून राहिली डॉक्टरसाहेब. बोला तं उत्तर नाही. पाठीमागून बोला तं मुळीच नाही. मंग मी बोलणंच सोडलं."

वयाबरोबर बायको शांत झाली, असं मी चारचौघांत कौतुकाने सांगत असे. मित्रांना म्हणायचो, तुमच्या घरच्या बघा आणि आमची बघा. ती शांत झालेली नव्हती.

डॉक्टरांनी कानाचं मशीन लावून दाखवलं. खोलीतला पंखा, कागद, बाहेरचा हॉर्न, सगळं अंगावर आलं. मी म्हटलं, एक ओळ गाऊन बघू? ते म्हणाले, गा. मी गायलो. बाहेर बसलेल्या पेशंटांनी दारातून माना घातल्या. माझा आवाज मला पत्र्याच्या डब्यात तोंड घालून गावं तसा आला. सूर कुठे आहे ते मला कळेना. डॉक्टर म्हणाले, बोलणं छान ऐकू येईल, पण गाणं पूर्वीसारखं वाटेल असं सांगू शकत नाही. काहींना जमतं, काहींना नाही. लवकर लावलंत तर सवय लवकर होईल.

मी मशीन काढून टेबलावर ठेवलं. म्हणालो, अल्बम झाल्यावर.

घरी येईपर्यंत ती बोलली नाही, आणि या वेळी ती खरंच बोलत नव्हती, कारण मी तिच्या तोंडाकडेच बघत होतो. घरात आल्यावर पर्स पलंगावर टाकून म्हणाली, मोठ्याने, एकेक शब्द तोडून, "एका गाण्यासाठी?"

"एका नाही. आठव्यासाठी. ते झालं की आठ होतात."

"सातच राहू द्या! सात गाण्याचं काय वाईट असते?"

"मले माझा सूर ऐकू येते तोवर मले हे पुरं करू दे. मंग मशीन लावतो. मंग माझं गाणं पत्र्यासारखं झालं तरी चालते." मी ओरडत होतो. मला ओरडल्याशिवाय बोलता येत नाही हेही त्या दिवसांत कळलं होतं. "एवढं एकच मी माझ्या मनानं केलं आहे जन्मात. बाकी सगळं शिफ्टच्या पाटीवर लिहिलं होतं ते केलं."

ती आत गेली. दोन दिवस मी स्टुडिओत गेलो आणि बासरीच्या जागी चुकलो. मालकाने सुचवलं, तो काचेतून हात दाखवेल. हात दिसला की मी दचकून शिरायचो आणि सूर हलायचा. बासरी काढून व्हायोलिन लावू म्हणाला. मी नको म्हणालो. ती बाई वाट बघते आहे, तिच्या मनात त्या वेळी काय चाललंय ते सगळं त्या बारीक सुरात आहे. मला ऐकू येत नसलं तरी मला आठवतं.

तिसऱ्या दिवशी मी चप्पल घालत होतो तर बायको तयार होऊन उभी. स्टुडिओत पोचल्यावर तिने माझ्याशी नाही, मालकाशीच बोलणी केली. "भैया, त्या बासरीच्या जागी मी गुणगुणते. हे माझ्या तोंडाकडे पाहतील. मी थांबली की हे सुरू करतील. होते का असं?"

"भाभी, आप गाती हो?"

"नाही. पण हे गाणं कोणाले येत नाही?" मग माझ्याकडे वळून, ओठ स्पष्ट हलवत, "अन् आज उरका एकदाचं."

गाद्यांच्या त्या खोलीत दुसरी खुर्ची आली, दुसरा माइक आला. तिच्या अंबाड्यावर हेडफोन बसेना, अंबाडा सोडावा लागला. मी मुखडा म्हटला. तिने ओठ मिटून गुणगुणायला सुरुवात केली, ते मला तिच्या गळ्याच्या शिरेवरून कळलं. ऐकू आलं ते फार थोडं, भिंतीपलीकडून आल्यासारखं. ती थांबली, मी शिरलो. मालकाने हात वर केला. चुकलं होतं. ती थांबली नव्हती, श्वास घेत होती.

"मी श्वास बी नाही घेऊ का आता?" ती म्हणाली. मालक खोखो हसला. मीही हसलो आणि माझी छाती मोकळी झाली.

मग तिनेच उपाय काढला. गुणगुणताना ती खाली फरशीकडे बघणार. पुरतं संपलं, की माझ्याकडे बघणार. तोवर कितीही श्वास घेतले तरी मी हलायचं नाही. मी मुखडा म्हटला. तिने मान खाली घातली. कानात कूलरची घरघर चालू होती आणि मी तिच्या पापण्यांकडे बघत उभा होतो. तिचे केस खांद्यावर मोकळे सुटलेले, निम्मे पांढरे. तिचे ओठ थरथरत होते, गळा हलत होता, आणि ती काय म्हणते आहे ते मला माहीत होतं पण ऐकू येत नव्हतं. मग तिने मान वर केली आणि माझ्याकडे पाहिलं. मी कडवं उचललं. ते मी ओरडून म्हटलं नाही. ते तसं म्हणायचं ठरवलेलं नव्हतं, पण एवढ्या जवळ बसलेल्या माणसासाठी ओरडायचं कशाला?

अल्बम झाला. मुलाने तो इंटरनेटवर सगळीकडे चढवला. मुखपृष्ठावर त्याच्या हट्टाने मी आणि आमचा कूलर. मंडळात एकदा लावला, तेव्हा काहीजण मधल्या सतारीला हसले, काहीजण ताल धरून बसले. कारखान्यातल्या त्या फिटरचा फोन आला. "साहब, तो आप जाप नहीं करते थे!" त्याने आठही गाणी ऐकली होती. मालक आता गिऱ्हाइकांना ते कूलरचं तंत्र सांगतो, त्याचं स्वतःचं असल्यासारखं. सांगो. मला मी कसा गातो ते कळलं. बरा गातो. बायको पहिल्या दिवशी म्हणाली होती तितकाच. दोन-तीन जागी त्याहून चांगला.

बोललो होतो त्याप्रमाणे नंतरच्या आठवड्यात समता कॉलनीत जाऊन मशीन बसवून घेतलं. घरी आलो, बायको मागच्या अंगणात कपडे वाळत घालत होती. मी पहिलं काम काय केलं असेल, तर अल्बम लावला. शहाण्या माणसाने लावला नसता. सात गाणी मी तशीच पुढे ढकलली, एकेक ओळ ऐकून. सगळा पत्रा. ज्या सुरासाठी आठ महिने घातले तो ओळखूही येईना. मला अपेक्षा होती तरी फार वाईट वाटलं. पण आठवं गाणं बंद केलं नाही.

मुखडा झाला आणि एका बाईचा आवाज आला. बारीक, पण मधे मधे चिरलेला, वरच्या सुरावर चढताना थकणारा. एका श्वासात न पुरणारा. माझ्या मनात पहिल्यांदा आलं, ही म्हातारी कोण? मालकाने बायकोचा आवाज काढून दुसरं कोणी घातलं की काय? मग तिने श्वास घेतला, त्या दिवशी मी चुकलो होतो तिथेच घेतला.

तिचा आवाज माझ्या डोक्यात चाळिशीतल्या बाईचा होता. मला अर्धवट जे ऐकू यायचं त्यात मी जुना आवाज भरून घेत होतो आणि तोच ऐकत होतो. ती माझ्या घरात, माझ्यासमोर म्हातारी झाली होती आणि त्यातलं एक वर्षही मी ऐकलं नव्हतं. मी खुर्चीत बसून रडलो. पत्र्यासारखा मी पुढचं कडवं गात राहिलो तिकडे, मी ते ऐकलंही नाही.

अंगणातून ती आली, ओले हात पदराला पुसत. "काय झालं? काहून रडून राहिले? बोललीच होती मी, मशीन लागलं की गाणं खराब लागन म्हणून."

"गाण्याचं नाही," मी म्हटलं. "तू बोल."

"काय बोलू?"

"काही बी. जे सोडलं होतं ते."

तिने मला एकदा खालून वर पाहिलं. खुर्ची ओढली, समोर बसली, आणि मग थोडी वाकून, मशीनकडे बघत, अगदी हळू आवाजात विचारलं, "आयकू येऊन राहिलं का?"

"येऊन राहिलं. बोल."